एल्मर टकेटला न ओळखणारी बाई

एल्मर टकेट जन्माला आला तेव्हा सुईणीने त्याला लगेच ओळखलं. "ह्याला मी कुठंतरी पाहिलंय," ती म्हणाली आणि नाळ कापता कापता आठवू लागली. आईनेही निरखून पाहिलं. तिला तो पोस्टात खिडकीवर बसणारा गृहस्थ वाटला. वडील आत आले, त्यांनी बाळाशी हस्तांदोलन केलं आणि यंदा मका कसा आहे म्हणून विचारलं. हे नेब्रास्कातल्या एका लहान गावात घडलं आणि कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही. ओळखीचा माणूस घरी राहायला आला की आनंदच होतो.

एल्मरचा चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा होता, एवढीच काय ती अडचण. शाळेत पहिल्याच दिवशी बाई म्हणाल्या, "तू गेल्या वर्षी माझ्याच वर्गात होतास की," आणि त्यांनी त्याला वरच्या वर्गात धाडलं. वरच्या वर्गातही तेच झालं, त्यामुळे त्याचं शिक्षण लवकर आटोपलं. रस्त्यात लोक त्याला थांबवून तोंड उघडून दाढ दाखवत. कुणी आपल्या घटस्फोटाचं कुठवर आलं ते विचारी. "तुमचं नाव काय?" हे मात्र कुणी विचारलं नाही. ओळखीच्या माणसाला नाव कसं विचारणार? बरं दिसत नाही ते.

असा चेहरा घेऊन माणसाने जावं कुठं? एल्मर टेलिव्हिजनवर गेला आणि चरित्र अभिनेता झाला. मालिकेत नवा औषधवाला आणायचा तर तो कोण, कुठला, हे सांगण्यात दोन मिनिटं मोडतात. एल्मर आला की ती दोन मिनिटं वाचत आणि तेवढ्यात साबणाची एक जाहिरात बसे. निर्माते त्याच्यावर खूश होते. तो न्यायाधीश झाला, लिफ्टवाला झाला, बायकोला घाबरणारा शेजारी तर कितीदा तरी झाला. "काल तुम्हाला टीव्हीवर पाहिलं, छान बोललात" अशी पत्रं देशभरातल्या खऱ्या औषधवाल्यांना जात. एल्मरला एकही आलं नाही. शेवटी पडद्यावर त्याचं नाव यायचं, पण तोवर लोक ताटल्या विसळायला उठलेले असत.

तसा तो हसतमुख गडी. काम आवडायचं, मिळकत बरी होती. पण घरी येऊन बूट काढले की त्याला वाईट वाटे. "कोण हो तुम्ही?" असं आपल्याला कुणीतरी विचारावं, एवढीच त्याची इच्छा होती.

ते विचारलं ओपलने. लॉस एंजेलिसमध्ये तिचं लाँड्रीचं दुकान होतं. एरवी लाँड्रीवाले एल्मरला पाहताच हसत आणि काही न विचारता भलत्याच कुणाचा कोट बांधून देत; पन्नाशीला आला तरी बिचाऱ्याला मापाचा कोट म्हणून मिळाला नव्हता. ओपलने मान वर केली.

"नाव?"

"म्हणजे... तुम्ही मला ओळखत नाही?"

"नाही बाई. कधी पाहिल्याचंही आठवत नाही."

एल्मरला खुर्ची मागून घ्यावी लागली. "एल्मर टकेट," तो म्हणाला, आणि बरं वाटलं म्हणून पुन्हा एकदा म्हणाला. त्या दिवशी तो स्वतःचा कोट घालून घरी गेला.

दुसऱ्या दिवशी ओपलने पुन्हा नाव विचारलं. तिसऱ्या दिवशीही. तिची स्मरणशक्ती तल्लख होती. कुणाच्या कोटाचं कुठलं बटण तुटलंय ते ती न बघता सांगे. एल्मर टकेट हा माणूसही तिच्या पक्का लक्षात होता. त्याला कांदा चालत नाही, थंडीत त्याचा गुडघा धरतो, तो लाजला की छताकडे बघतो, सगळं तिला ठाऊक. लक्षात राहत नव्हता तो फक्त चेहरा. नाव कानावर पडलं की "अगबाई, एल्मर!" म्हणून ती खुलायची. हे सुख त्याला रोज मिळू लागलं.

एकदा ती म्हणाली, "काल टीव्हीवर एक न्यायाधीश होता. काय काम केलं रे त्यानं! रागावू नकोस, पण तू त्याच्याकडून थोडं शिकायला हवंस."

आपल्या कामाला कुणी काम म्हटल्याचं एल्मरने प्रथमच ऐकलं. तो रस्ताभर शीळ घालत गेला, कोपऱ्यावरून परत आला आणि त्याने ओपलला मागणी घातली. आधी नाव विचारून तिने होकार दिला.

विवाह नोंदणी कार्यालयातले ड्रिस्कॉलसाहेब नियमाने चालणारे. नवरदेवाला नावानिशी ओळखणारं कुणीतरी हवं, नाहीतर लग्न लागणार नाही, असं त्यांनी सांगितलं. मग एल्मरकडे बघून तेच म्हणाले, "अरे, पण मीच ओळखतो की! आमच्या धाकटीचा नवरा तू." आणि त्यांचा चेहरा उतरला. "म्हणजे तुझं लग्न झालेलं आहे."

एल्मरला इतक्या वर्षांनी नाव विचारणारं माणूस मिळालं होतं, तेही आता हातचं जाणार. तो टाय सारखा करण्याच्या निमित्ताने बाहेर जाऊन दोन साक्षीदार घेऊन आला. नळ दुरुस्त करायला आलेल्या हॅस्किन्सने शपथेवर सांगितलं की हे आपले दातांचे डॉक्टर आहेत. कुत्र्याचा परवाना काढायला आलेल्या बाईंनी एल्मरची पापी घेतली. तो त्यांचा मावसभाऊ निघाला.

"वधूचं काय म्हणणं आहे?" ड्रिस्कॉलसाहेबांनी विचारलं.

ओपलने एल्मरकडे नीट पाहिलं. "ह्या गृहस्थांना मी ओळखत नाही. मी एल्मर टकेटशी लग्न करायला आलेय. टाय नीट करायला गेलाय, येईल एवढ्यात."

"ओपल, मीच एल्मर."

"अगबाई, आलास!"

"बाई, आत्ता तुम्ही ह्यांना ओळखत नव्हता," ड्रिस्कॉलसाहेब म्हणाले.

"आत्ता त्यानं सांगितलं ना. सांगितल्याशिवाय कसं कळणार?"

साहेबांनी चष्मा पुसला आणि बराच विचार केला. "ह्या खोलीत आम्ही तिघांनी ह्यांना ओळखलं," ते सावकाश म्हणाले, "आणि तिघांनीही दुसराच कुणीतरी म्हणून. तेव्हा आमच्या तिघांची साक्ष बाद. ह्या बाईंनी ह्यांना एकदाही भलता माणूस समजलेलं नाही. ग्राह्य धरायची तर हीच." त्यांनी शिक्का उचलला, मारला, आणि एल्मरच्या कानाशी वाकून म्हणाले, "धाकटीला मी काही बोलणार नाही. पण हे बरं केलं नाहीस."

बातमी इमारतभर झाली. ओळखीच्या माणसाचं लग्न म्हटल्यावर कोण बसून राहतंय! वरच्या मजल्यावरचे वकील उतरले, दंड भरायला आलेले रांग सोडून आले, हॅस्किन्सने कुठूनसा केक पैदा केला. बाहेरच्या पायऱ्या माणसांनी भरून गेल्या. वधूच्या बाजूला ओपल एकटी आणि वराच्या बाजूला सगळं शहर. जो तो एल्मरला मिठी मारत होता, लहानपणीच्या खोड्या सांगत होता, आणि काहींचे डोळे खरोखरच भरून आले होते.

फोटोच्या वेळी अशी रेटारेटी झाली की एल्मर पार कडेला फेकला गेला. माफ करा, माफ करा म्हणत तो गर्दीतून कसाबसा वाट काढत ओपलपर्यंत पोचला आणि तिच्यापासून हातभर अंतरावर अदबीने उभा राहिला.

ओपलने त्याच्याकडे पाहून पाहुण्यांसाठी हसतात तसं हसून घेतलं. "तुम्ही मुलाकडचे का?"

"मीच मुलगा," एल्मर म्हणाला. "एल्मर टकेट."

"मग असा लांब काय उभा राहिलास?" ओपल म्हणाली आणि तिने त्याला जवळ ओढलं.