हौदातलं तेल

साल एकोणीसशे चौऱ्याहत्तर. घासलेट असं गायब झालं होतं की अमडापुरात लोक उजेडातच जेवून अंथरुणावर पडत. अशात उकंडरावांनी रेडिओवर ऐकलं, शेवाळातून तेल काढता येतं. त्या दिवसापासून अंगणातल्या हौदाला हात लावायची त्यांच्या बायकोला, सत्यभामाबाईंना, बंदी झाली.

"हौद घासू नको. तेल होऊन राह्यलं त्यात."

"बेडकं होऊन राह्यले. रविवारी अन्नपूर्णाले पाहाले रोहिणखेडचे पाव्हणे येतीन. त्याईनं पाय कायनं धुवावं?"

सत्यभामाबाईंचा जीव टांगणीला लागला होता. याआधीचं स्थळ उकंडरावांच्या मधमाश्यांनी घालवलं होतं. मुलाचा मामा घरी गेल्यावर ओळखू आला नव्हता. आता हे दुसरं गेलं, की लेकीचं जमणं कठीण.

सोयरीक जमवणारा कडूबा हे बोलणं ऐकत चहा पीत होता. रोहिणखेडला जाऊन त्यानं सांगितलं, "तेलाले तोटा नाई त्याईच्या घरी. हौद भरून राह्यला."

रविवारी पाहुणे आले. प्रत्येकाच्या काखेत उपरण्यात गुंडाळलेलं काहीतरी होतं. खण-नारळ असेल, असं वाटून सत्यभामाबाई सुखावल्या. अन्नपूर्णा पोहे घेऊन आली. पण मुलाचे वडील शालिग्राम ना पोह्यांकडे पाहत, ना पोरीकडे. तांब्याभर पाणी समोर असताना ते म्हणाले, "हौदावरच पाय धुतो," आणि उठले.

काठावर शेवाळ वाळत घातलं होतं. शालिग्राम जे घसरले ते थेट हौदात. त्यांना ओढायला गेलेला मुलगा, इंद्रभान, तोही मागोमाग.

उकंडराव धावले. "हळू हो पाव्हणे, तेल सांडन."

"कुठी हाये तेल?"

"तुमच्या अंगावर हाये ना."

शालिग्राम हिरवेगार होऊन बाहेर आले. "फसवलं आमाले. चाला रे घरी."

सत्यभामाबाई त्यांना अडवायला पुढे झाल्या. तेवढ्यात शालिग्रामांच्या काखेतलं उपरणं सुटलं आणि घासलेटचा रिकामा पिपा खणखणत बाईंच्या पायाशी आला. त्यांनी तो उचलला, बाकीच्यांच्या काखांकडे पाहिलं.

"भाऊ, पोरगी पाहाले पिपा कायले लागते?"

सगळ्यांनी काखेतली उपरणी आणखी घट्ट आवळली.

"गावात ही गोष्ट लय दिवस पुरन," त्या मऊ आवाजात म्हणाल्या. "पण सोयऱ्याईचं मी कोणाले सांगत नसतो."

हौदात उभा इंद्रभान कानातलं शेवाळ काढत हसायला लागला. दारात अन्नपूर्णाही पदर तोंडात कोंबून उभी होती. "बाबा, मले पसंत हाये," तो म्हणाला. "तुमी बी हो म्हणा."

लग्न भर उन्हात लागलं. बत्तीत घालायला घासलेट नव्हतं. उकंडरावांचं शेवाळ चुलीत पेटलंच नाही, नुसता धूर झाला. पुढे रेडिओ लावण्याआधी ते बायकोला विचारू लागले. कडूबानं आणलेल्या पुढच्या स्थळांचा हौद लोक आधी पाहून येत. शालिग्राम व्याह्यांकडे आले की तांब्यातल्या पाण्यानंच पाय धूत. पिप्यात सत्यभामाबाईंनी तुळस लावली.

कितीतरी वर्षांनी माहेरी आलेल्या अन्नपूर्णानं पेपर वाचून दाखवला. शेवाळापासून खरंच इंधन निघतं, असं त्यात होतं.

म्हाताऱ्या सत्यभामाबाईंनी आधी दाराकडे पाहिलं.

"हळू वाच बाई," त्या म्हणाल्या. "पाव्हणे येतीन पिपे घेऊन."