बाकावरचा गोलकीपर

मी पदवीधर झालो तो बाळाराम काकांमुळे. टिटवाळ्याच्या चाळीतले आमचे शेजारी, मूळचे कोलशेतच्या कोळीवाड्यातले. कुठल्याही कामाला निघण्याआधी ते दारात उभे राहून खांदे गरगर फिरवतात, जागच्या जागी उड्या मारतात. रेशनच्या रांगेला जाताना, आणि कुणाच्या मयतीला जातानासुद्धा.

"वॉर्म-अप पायजे रे. कवा बोलावतील, सांगता येत नाय."

काका एका कंपनीच्या फुटबॉल संघात पगारी गोलकीपर होते. दुसरे. बारा वर्षं बाकावर. सामने खेळले चार, त्यातले तीन पहिल्या गोलकीपरला कावीळ झाली म्हणून. गुडघा गेल्यावर कंपनीने त्यांना गोदामात बसवलं. लग्न राहूनच गेलं. निवृत्त झाले, पण बाकावरची सवय सुटली नाही. पिशवीत सगळं दोन-दोन: चष्मे, छत्र्या, चपलांचे जोड. "एक एक्स्ट्रा असलेला बरा." चाळीतल्या एका लग्नात गुरुजींना उशीर झाला, तर काका मांडवाच्या कोपऱ्यात खांदे फिरवायला लागले. नवरीची आई घाबरून म्हणाली, "अहो काका, तुम्ही बसा हो!"

माझ्या बारावीनंतर बाबांना डोंबिवलीच्या केमिकल कंपनीतून सुट्टी मिळेना. घरात कुणी कॉलेजची पायरी चढलेलं नव्हतं. काका बरोबर आले. सातवी पास माणूस, इंग्रजी फॉर्म उलटा धरलेला. क्लार्कने विचारलं, "पालक कोण?"

"पालक ड्युटीवर हायेत. मी एक्स्ट्रा."

पुढे तीन वर्षं प्रत्येक पेपरला ते फाटकाबाहेर बसले. "काय झालंच तर मी हाय." आत येऊन ते नेमकं काय करणार होते, हे मी कधी विचारलं नाही. पण प्रश्नपत्रिका हातात आली की मी आधी खिडकीतून फाटकाकडे बघून घ्यायचो, मग लिहायला लागायचो.

आज ठाण्याच्या हॉस्पिटलात त्यांच्या हृदयाचं ऑपरेशन आहे. चाळीत एका शब्दाने बोलले नव्हते. सकाळी दारात खांदे हळूहळू फिरवताना आईला दिसले, उड्या नव्हत्या, म्हणून तिला शंका आली. तिने खोदून विचारून हॉस्पिटलचं नाव काढून घेतलं आणि मला फोन केला. मी धावत पोचलो तेव्हा ते स्ट्रेचरवर होते, चेहरा पांढरा.

"आज पयल्या अकरात नाव लागलंय रे," एवढंच म्हणाले, आणि दार बंद झालं.

ऑपरेशनला अजून अर्धा तास आहे. तेवढ्यात सिस्टरांच्या हाती ही चिठ्ठी आत पाठवली:

काका,

काउंटरवर तुमचा फॉर्म पाहिला. 'सोबत कोण' तिथे तुम्ही रेघ मारलीय. पिशवीत सगळं दोन-दोन, आणि माणूस एकही नाही? मी तिथे माझं नाव लिहिलंय. नातं विचारलं, तर तोंडातून 'एक्स्ट्रा' निघालं. बाई माझ्याकडे बघत राहिल्या, मग त्यांनीच 'मुलगा' लिहिलं. मी खोडायला सांगितलं नाही.

घाबरू नका. मी दाराबाहेरच्या बाकावर बसलोय. काय झालंच तर मी हाय. खांदे फिरवून झालेत, लोक बघतायत.