तिसऱ्यांची खीर आणि पाचवी खुर्ची

खंडेरावांनी जेवणाचा वार ठरवला, तिथेच सगळं फसलं. आज विचाराल तर ते हे कबूल करणार नाहीत, तो भाग वेगळा.

मुलगा गौरव मानेसरला मोटारीचे सुटे भाग करणाऱ्या कारखान्यात. नवा कारखाना, नवा पगार, गुडगावात नवा फ्लॅट. खंडेराव स्वतः चौथी पास. तीस वर्षं सरकारी गॅरेजात जीपखाली उताणे पडून काढली, राहिले दिल्लीत, आर. के. पुरमच्या क्वार्टरात. फ्लॅटात आल्यापासून एकच गोष्ट त्यांना डाचत होती. पाहुणे आले की त्यांचं ताट आतल्या खोलीत जायचं. टेबलाला खुर्च्या चारच, असं गौरव सांगे. (खरं कारण निराळं. पहिल्याच पार्टीत त्यांनी एका मॅनेजरला, "काम कमी दिसतं, पोट बरंच सुटलंय," असं ऐकवलं होतं. चांगल्या हिंदीत. बायकोदेखत.)

अशात गौरवचे साहेब, सभरवाल, अमेरिकेत ट्रेनिंग करून आले आणि ऊठसूट तिथल्या क्लॅम चाउडर नावाच्या दाट सुपाच्या आठवणी काढायला लागले. गौरवच्या बायकोनं, क्षिप्रानं, मासिकातून कृती शोधली आणि सभरवाल नवराबायकोला जेवायला बोलवायचं ठरलं. पण क्लॅम म्हणजे काय, हे दोघांनाही ठाऊक नव्हतं. मासिकातलं शिंपल्यांचं चित्र बघून खंडेराव गुरगुरले, "ह्या तिसऱ्या. वेंगुर्ल्याला टोपलीनं खाल्ल्यात. कुणाला फोडता येतात का?"

कुणालाच येत नव्हत्या.

"आणतो मी, फोडतो मी. पण टेबलावर बसणार."

"बाबा, खुर्च्या..."

"पाचवी आणा."

"बरं, पण काही बोलायचं नाही," गौरव म्हणाला.

"तोंडात घास असला की मी बोलत नाही."

वारही त्यांनीच काढला. सोमवार शंकराचा, गुरुवार दत्ताचा, शनिवार मारुतीचा, त्या दिवशी तर त्यांचा कडक उपास. बुधवारी-शुक्रवारी गौरवची दुपारपाळी, रविवारी साहेब गोल्फला. राहिला मंगळवार. मोकळाढाकळा वार.

मासळीवाला म्हणाला, "बाऊजी, आज सोमवार को ही ले जाओ. कल मंगल को दुकान बंद."

आळशी लेकाचे, असं मनात म्हणत खंडेरावांनी तिसऱ्या घेतल्या आणि रात्रभर बाथरूमच्या बादलीत मिठाच्या पाण्यात ठेवल्या.

मंगळवारी विळी मांडून त्यांनी तिसऱ्या फोडल्या, एकही शिंपी न तुटता. मग क्षिप्रानं पातेल्यात लोणी, मैदा, बटाटे आणि वर लिटरभर दूध ओतलं.

"तिसऱ्यांत दूध? अंगावर डाग उठतात!"

"अमेरिकेत सगळे खातात, बाबा."

"म्हणूनच तसे दिसतात. आणि आमसूल?"

"नसतं ह्यात."

"खोबरं?"

"बाबा, प्लीज!"

"मग ही तिसऱ्यांची खीर झाली."

क्षिप्रानं क्रीम ओतलं, गॅस बारीक केला आणि ती साडी बदलायला गेली. खंडेरावांनी हळूच डबा उघडून चार आमसुलं पातेल्यात सोडली. तिसऱ्या कोकणातल्या, हात कोकणातला. अब्रूचा प्रश्न होता.

पाच मिनिटांत क्रीम फाटलं. वर गुलाबी पाणी, खाली चोथा. क्षिप्रानं येऊन झाकण उचललं आणि तेवढ्यात बेल वाजली. सासऱ्यांकडे बघत तिनं झाकण परत आदळलं. खंडेराव जाऊन पाचव्या खुर्चीवर बसले. (खुर्ची बाल्कनीतली होती, प्लॅस्टिकची. पण होती.)

बाहेर गौरव छाती फुगवून म्हणाला, "सर, सरप्राइज है! क्लॅम चाउडर!"

सभरवालांनी दोन्ही हात कानांना लावले. "अरे यार, आज तो मंगल है! हनुमानजी का दिन. हम तो अंडा भी नहीं छूते."

तीस वर्षं दिल्लीत राहून खंडेरावांचा मारुती वेंगुर्ल्याच्या शनिवारीच बसून होता. इथला मारुती मंगळवारी बसतो, हे गौरवलाही सुचलं नव्हतं. घरात वडिलांचेच वार चालत.

क्षिप्राच्या जिवात जीव आला. घाईघाईत तिनं पाहुण्यांना वरणभात, बटाट्याची भाजी, पापड वाढलं. आणि सासऱ्यांपुढे काठोकाठ वाडगा ठेवला.

"तुमच्या कष्टाचं आहे, बाबा. टाकायचं नाही."

खंडेराव जेवू लागले. चव रागावलेल्या ताकासारखी होती.

मिसेस सभरवालनी विचारलं, "बाऊजी मंगल को खा लेते हैं?"

तोंडात घास होता. ते बोलले नाहीत.

निघताना साहेब गौरवच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "चाउडर तो मैं छोड़ूँगा नहीं. शनिवार को आते हैं. पक्का?"

"बिल्कुल, सर!"

दार लागलं.

"शनिवारी माझा उपास," खंडेराव म्हणाले.

"माहीत आहे, बाबा." क्षिप्रानं पाचवी खुर्ची उचलून बाल्कनीकडे नेली. "तुमची खिचडी आत आणून देईन. आणि आमसुलांचा डबाही तेवढा वेळ बाहेरच ठेवीन, माझ्याजवळ."