पाचशे पाहुणे आणि गार पाणी

रत्ना दारात रिक्षातून उतरली तेव्हा बाराचं ऊन डोक्यावर होतं आणि कडेवर पाचशे पाहुणे होते. रोहू-कटल्याची बोटाएवढी पिल्लं, पाणी आणि हवा भरून टम्म फुगवलेल्या पिशवीत. केळीसाठी खोदलेल्या शेततळ्यात मासे वाढवायचे, हे खूळ तिने जळगावच्या तीन दिवसांच्या प्रशिक्षणातून आणलं होतं. नवऱ्याला, प्रेमराजला, ते लगेच पटलं. त्याला बायकोचं सगळंच पटायचं. अडचण सासूची होती.

सुंदरबाईंच्या गळ्यात तुळशीची माळ. महिनाभर नकारघंटा वाजवून त्यांनी शेवटी एका अटीवर होकार दिला होता. "बाजारमा गयात मंग त्यासनं नशीब. पन मना दारमा एक बी जीव मरना, ते परत मासानं नाव काढानं नही."

रिक्षावाला शेताच्या रस्त्याला यायला तयार नव्हता आणि मोटरच्या आवाजात प्रेमराजला फोन ऐकू जात नव्हता. रत्नाने पिशवी ओट्यावर सावलीत ठेवली. "आत्याबाई, हात लावू नका हां. मी शेतमा जाईसन त्यासले गाडी लिसन बलाई आनस."

या पाहुण्यांकडे ढुंकूनही बघायचं नाही, असं सुंदरबाईंनी ठरवलं होतं. पण या घरात उन्हातून आलेल्याला, मग तो वीजबिल देणारा का असेना, नाव विचारायच्या आधी गार पाण्याचा तांब्या मिळायचा. पाहुणा कोरडा बसवणं त्यांना जन्मात जमलं नव्हतं. त्यांनी पिशवीला हळूच बोट लावलं. पाणी चांगलंच तापलेलं होतं.

"माय वं! बिचारा तपी गयात."

त्यांनी घंगाळ काढलं, फ्रिजमधल्या पाचही बाटल्या त्यात रिकाम्या केल्या आणि पिशवी सोडून पाहुण्यांना आत घेतलं. पिल्लं क्षणभर उसळली, मग मंदावली. सुंदरबाईंना समाधान वाटलं. "देख, कशा शांत व्हयनात!" गार पाणी मानवलं म्हटल्यावर त्यांनी बर्फाचा ट्रेही आत टाकला. मग पिल्लं एकेक करून आडवी झाली. दमलेली लेकरं झोपणारच. डोळ्यांवर उजेड नको म्हणून सुंदरबाईंनी घंगाळावर ओला टॉवेल पांघरला.

तळ्याच्या पाण्याचा कॅन घेऊन रत्ना आणि प्रेमराज आले. रत्नाने टॉवेल उचलला आणि किंचाळली, "आत्याबाई!"

"हळू बोल. आत्तेच निजेल शेतस."

"निजेल नही शेतस! तपेल पानीमातून एकदम बरफमा टाकात, ते लहान जीव गारठी जातस. त्यासले हालता बी येत नही!"

सुंदरबाईंचा चेहरा खर्रकन उतरला. अट त्यांची होती आणि हातही त्यांचाच. प्रेमराज मात्र कामाला लागला. तो धावत मोरीत गेला आणि बंबातलं उरलेलं कढत पाणी बादलीत घेऊन आला. बादली कलली, तोच रत्नाने त्याचं मनगट धरलं.

"परत एकदम? जितला वाचेल शेतस, तितला बी जातीन!"

मग ती घंगाळाशी बसली. तांब्याभर गार पाणी काढायचं, तांब्याभर तळ्याचं घालायचं आणि थांबायचं. तिसऱ्या खेपेला सुंदरबाईंनी तिच्या हातातून तांब्या घेतला. जेवणं राहिली, गाय हंबरून थकली. तासाभराने एक शेपूट हललं.

"हालनं! हालनं वं रत्ना!" नातवाच्या जन्मालाही सुंदरबाई एवढ्या ओरडल्या नव्हत्या.

ऊन उतरल्यावर, दोन्ही पाणी सारखं व्हायला किती वेळ लागतो ते सासूला सांगून, रत्ना आणि प्रेमराजने घंगाळ तळ्यावर नेलं. वीस मिनिटं ते पाण्यावर तरंगत ठेवलं, तेव्हा कुठे पाहुणे आपल्या घरी गेले. काही पिल्लं उलटी तरंगताना रत्नाने दुपारी स्वतः पाहिली होती. आता घंगाळात तसं एकही नव्हतं. घरी येऊन बघते, तर सुंदरबाई लिंबाच्या झाडापाशी हात धूत होत्या आणि बुंध्याशी माती ताजी उकरलेली होती.

"कितला गयात, आत्याबाई?"

"एक बी नही." सुंदरबाईंनी माळेला हात लावला, पण नजर दुसरीकडेच ठेवली. "मनी अट शे. मले माहीत नही का?"

रत्नाला त्यांच्या गळ्यात पडावंसं वाटलं. तिने नुसतं "बरं" म्हटलं आणि दोघींसाठी चहा टाकला.

रविवारी जळगावहून जावई आले. नवलराव घामाने निथळत होते. त्यांनी उंबऱ्यात पाय ठेवला, तोच सुंदरबाई दोन्ही हात पसरून आडव्या आल्या.

"आत्ते मझार नही. ओटावर बठा, जवाईबापू. वीस मिनिटं."

"बरं मामी, बसतो. पण फ्रिजमधलं पाणी तरी द्या."

"एकदम गार? नही!" सुंदरबाईंनी कोमट पाण्याचा तांब्या पुढे केला. "मनी पोरना एकच नवरा शेतस तुम्ही."

नवलराव गोंधळून बाजूला वळले. ओट्याच्या कोपऱ्यात शेतातून आलेला प्रेमराज कोमट तांब्या घेऊन मुकाट बसला होता. त्याने सरकून जागा केली.

"बठा, दाजी. मनी अजून दहा मिनिटं शेतस."