खुर्ची एक, माणसं दोन

पत्रिका सुंदर होती, यात वादच नव्हता. जाड कागद, सोनेरी कडा आणि खाली भाचीच्या वळणदार अक्षरातली ओळ : ‘मामा, नक्की ये. तुझ्यासाठी एक खुर्ची राखून ठेवली आहे.’ घड्याळजीने कामाचं भिंग डोळ्याला लावून ती ओळ तीनदा वाचली. भिंगातूनसुद्धा एकीच्या दोन होईनात.

अकरा वर्षं तो ज्या बाईबरोबर एका छताखाली राहत होता, ती दुखऱ्या गुडघ्यांना व्यायाम देऊन माणसं चालती करायची. पेशंट तिला प्रेमाने ‘गुडघेबाई’ म्हणत. घड्याळजीच्या घरचे मात्र तिला ‘तुझी ती’ म्हणत. दोघांनी लग्न केलेलं नव्हतं. पहिली दोन वर्षं विचार चालू होता, पुढची नऊ वर्षं त्याचा विसर पडला होता.

“आली का पत्रिका?” गुडघेबाईने स्वयंपाकघरातून विचारलं. “किती वाजता निघायचंय आपल्याला?”

घड्याळजीने तोंड उघडलं. खरं सांगायला फार तर अर्धं मिनिट लागलं असतं. पण मिनिटाचे काटे बसवण्यात हयात गेलेल्या माणसाला ते अर्धं मिनिट काही सापडेना.

“दहाला,” तो म्हणाला.

दुसऱ्याच दिवशी तिने निळ्या रेशमाचा पोशाख शिवायला टाकला. मग मात्र घड्याळजीने जिवाचा हिय्या करून ताईला फोन लावला. ताई म्हणजे त्याची थोरली बहीण, नवरीची आई आणि घराण्याचं सर्वोच्च न्यायालय.

“ताई, एक विचारायचं होतं...”

“तुझ्या तिच्याबद्दल असेल तर विचारूच नकोस. हॉलमध्ये एकशेवीस खुर्च्या आहेत. लग्न झालेल्यांना दोन, बाकीच्यांना एक.”

“अगं, पण अकरा वर्षं...”

“अकरा असोत नाहीतर एकवीस. कागद आहे का हातात?”

“आणि आपल्या धाकट्या चुलतभावाचं लग्न होऊन तीन आठवडे झालेत. त्याच्या बायकोचं नाव तरी ठाऊक आहे तुला?”

“नाही. पण तिची खुर्ची आहे.”

“समज, कुणी आलंच नाही तर?”

“तर खुशाल आण तिला. पण माझ्या घरच्या कार्याला न यायची कुणाची छाती आहे?”

झालं! बुडत्याला काडी मिळाली. घड्याळजीने नातेवाइकांची मनातल्या मनात उजळणी केली आणि त्याचं बोट मोठ्या काकांवर येऊन थांबलं. काका एकटे, वय ऐंशी, पाय कुरकुरणारे. ते घरी राहिले तर त्यांचंही भलं आणि आपलंही.

“काका, लग्नाला येताय ना? नाही, त्या हॉलला जिने फार आहेत, म्हणून म्हटलं.”

“जिने? किती रे?”

हॉल तळमजल्यावर होता. दाराशी दोन पायऱ्या होत्या.

“बरेच आहेत,” घड्याळजी म्हणाला. “आणि अरुंद.”

“बरं झालं सांगितलंस बाबा. मी घरीच बसतो.”

काका घरी बसले, पण गप्प बसले नाहीत. त्यांच्याकडे एक फोन होता आणि दिवसाचे बारा तास मोकळे होते. चार दिवसांनी तोच धाकटा चुलतभाऊ घड्याळजीच्या दुकानात येऊन हळू आवाजात म्हणाला, “दादा, ऐकलंस का? त्या हॉलचा जिना खचलाय म्हणे. मागच्या आठवड्यात एक नवरदेव अर्ध्यावर अडकला होता. दोरी लावून उतरवला.”

आपणच सोडलेली थाप दाढीमिशा वाढवून आपल्याच दारात उभी राहिलेली पाहून घड्याळजीच्या हातातला स्क्रू निसटला.

“मग ताईला सांगितलं का कुणी?”

“ताईला? तुला वेड लागलंय का? आम्ही दोघं आजारी पडणार आहोत. मला ताप, हिला उलट्या.”

त्याच क्षणी ताईला खरं सांगून टाकायला हवं होतं. पण खरं सांगितलं की काका येणार, आणि काका आले की खुर्ची गेली. तिकडे निळा पोशाख शिवून आला होता आणि गुडघेबाई आरशासमोर उभी राहून विचारत होती, “तुझ्या माणसांत शोभेन ना रे मी?” घड्याळजी “हो” म्हणाला आणि दुकानात जाऊन बसला.

लग्नाच्या आदल्या संध्याकाळी अख्ख्या घराण्याला साथीचा रोग झाला. कुणाची दाढ ठणकली, कुणाची पाठ धरली, एकीची सासू अचानक शेवटचे श्वास मोजू लागली. ती सासू जाऊन सहा वर्षं झाली होती. सकाळी आठला घड्याळजीचा फोन वाजला.

“तिला दे,” ताई म्हणाली.

“कुणाला?”

“आणखी कुणाला? दे आधी!” ताईचा आवाज रडवेला होता. तो आवाज त्याने पन्नास वर्षांत ऐकला नव्हता.

गुडघेबाई बराच वेळ फोनवर “हो, हो, रडू नका,” म्हणत राहिली. मग फोन ठेवून पेशंटांची वही काढत ती म्हणाली, “सत्तर खुर्च्या रिकाम्या आहेत, माणसं हवीत. व्याह्यांकडची मंडळी विचारतायत, नवरीला नातेवाईक आहेत की नाहीत.”

“मला तुला काहीतरी सांगायचंय.”

“जिन्याचं ना? तू फोनवर बोलतोस ते चार घरं पलीकडे ऐकू जातं. पत्रिकेवर मी नव्हते, हेही पहिल्याच दिवशी कळलं मला.”

“मग बोलली का नाहीस?”

“म्हटलं, बघू हा काय करतो. अकरा वर्षांत पहिल्यांदाच तू माझ्यासाठी घरी तोंड उघडलंस. उघडून थाप मारलीस, ती गोष्ट वेगळी.”

साडेदहापर्यंत हॉल भरला. पंचावन्न पेशंट आले होते, काही जोडीने आले होते. काठ्या, कुबड्या, मानेचे पट्टे, पण सगळे इस्त्रीच्या कपड्यांत. दाराच्या दोन पायऱ्या त्यांनी श्वासाचं गणित सांभाळत, शिकवल्याप्रमाणे चढल्या. टाळ्या तर अशा वाजवल्या की नवरदेवाकडची मंडळी दबूनच गेली.

घड्याळजी आपली खुर्ची शोधत पुढे गेला. तिच्यावर मानेला पट्टा लावलेले एक गृहस्थ बसले होते. त्यांना मान वळवता येत नव्हती, त्यामुळे घड्याळजी त्यांना दिसलाच नाही.

“ताई, माझी खुर्ची?”

“काकांशी बोलणं झालंय माझं,” ताई दातओठ खात पुटपुटली. “भिंतीला टेकून उभा राहा. लग्न आहे म्हणून वाचलास.”

तेवढ्यात नवरदेवाची आई आली. ताईचा चेहरा एकदम उजळला. गुडघेबाईला पहिल्या रांगेतून हाताला धरून उठवत ती म्हणाली, “या आमच्या वहिनी. आमच्या घरचं कुठलंच कार्य यांच्याशिवाय पार पडत नाही.”

“वा, वा! पोशाख फार शोभतोय हो तुम्हाला,” विहीणबाई म्हणाल्या. मग त्यांची नजर भिंतीकडे गेली. “आणि ते कोण?”

ताईने वळून आपल्या सख्ख्या भावाला आपादमस्तक न्याहाळलं.

“ते होय? ते वहिनींबरोबर आलेत.”