मधले कोण घेणार?

आमच्या घाटकोपरच्या चाळीत मुलगी बघायला पाहुणे आले, की दळवी मास्तरांना कुणीतरी गच्चीवर नेऊन बसवायचं. कारण एकदा सामंतांकडे मुलीची आई म्हणाली, "आमची बेबी तेवीसची," आणि गॅलरीतून मास्तर ओरडले, "पाचशे एकोणतीस!" वरमाईच्या घशात पोहे अडकले.

आकडा कानावर पडला, की त्याचा वर्ग केल्याशिवाय या माणसाला चैन नाही. शाळेतून रिटायर झाले, पण खोड कुठली जाते? "आकडा अख्खा गिळू नये रे तुकाराम. मोडावा. तेवीस म्हणजे वीस नि तीन. विसाचा वर्ग चारशे, तिनाचा नऊ. आणि मधले? वीस त्रिक साठ, ते दोनदा, एकशेवीस. झाले की नाही?"

मी चौथीत शाळा सोडलेला. चारशे नि नऊ धरून मोकळा व्हायचो. मग मास्तर ओरडायचे, "अरे गाढवा, मधले कोण घेणार?"

आमची ही गेली, तेव्हापासून मास्तर रोज संध्याकाळी माझ्या दारात. बाकीचे येऊन सांत्वन करायचे, त्यानं डोकं उठायचं. मास्तरांच्या शिव्या बऱ्या वाटायच्या.

मग त्यांना मोतीबिंदू झाला. सामंतांच्या टीव्हीवर बातम्या सांगतोय तो बाप्या की बाई, हेही मलाच विचारायला लागले. ऑपरेशन ठरलं. लग्न केलेलं नाही, पुढंमागं कोणी नाही, म्हणून सोबत मी गेलो. आत नेताना माझा हात घट्ट धरला. "दिसलं नाही तर माझं काय रे?"

"गप बसा. काहीतरी अभद्र बोलू नका," मी म्हटलं.

ऑपरेशन झालं. डोळ्यावर पट्टी. मान जराही हलवली तर टाके तुटतील, असं डॉक्टरनी बजावलं. आता हा चुळबुळ्या माणूस पडून कसा राहणार? मी आकडे द्यायला लागलो. मास्तर नुसते ओठ हलवायचे. सगळं ठीक चाललं होतं. मी म्हटलं, "चौसष्ट." तेवढ्यात शेजारच्या खाटेवरचा पट्टीवाला म्हातारा मधेच बोलला, "तीन हजार सहाशे सोळा!"

"मधले चारशे ऐंशी कुठं गेले?" मास्तर उठायलाच निघाले. मी दोन्ही हातांनी त्यांचं डोकं उशीवर दाबून धरलं. "आजोबा, मान!" सिस्टर किंचाळली.

आता डोळा गेला असंच वाटलं मला.

पट्टी काढली त्या सकाळी डॉक्टरनी बोटं धरली. मास्तरांनी बरोबर सांगितली. पुन्हा धरली, पुन्हा बरोबर. माझा जीव भांड्यात पडला. म्हटलं, आता सुटतील वर्ग करत.

पण ते माझ्या तोंडाकडे बघत राहिले. दाढीकडे, मग गळ्याच्या हाडांकडे.

"किती वाळलास रे," ते म्हणाले. "रोज येत होतो मी. मला दिसलंच नाही."

त्यांचा डोळा भरून यायला लागला.

"ओ मास्तर," मी म्हटलं, "डोळ्याला पाणी लावायचं नाही, डॉक्टरनी सांगितलंय."