गाडी, बुरूज आणि भडकराव

सकाळी माणूस बनियनवर, तोंडात ब्रश घालून आपल्याच घराच्या गॅलरीत उभा आहे आणि हाताच्या अंतरावर गाडीभर अनोळखी माणसं बसून त्याच्याकडे टकामका बघताहेत, हे तुम्ही सहन कराल? नाही ना? मग भडकरावांनी तरी का करावं?

भडकराव हे त्यांचं खरं नाव नव्हे. ते गल्लीनं ठेवलेलं, आणि अर्थात पाठीमागे. तोंडावर म्हणायची कोणाची छाती नव्हती. पत्र्याचे डबे बनवणाऱ्या कारखान्यात त्यांची सगळी हयात मुकादमीत गेली. तिथे यंत्रांचा खडखडाट असा, की शेजारच्याला वेळ विचारायची तरी बोंबलून विचारावी लागे. निवृत्त झाल्यावर यंत्रं कारखान्यात राहिली आणि आवाज तेवढा घरी आला. भाजीत मीठ कमी, वर्तमानपत्राची घडी उलटी, उशीची खोळ तिरकी, कशावरूनही तोंड सुटे आणि दिवेलागणीपर्यंत चाले. बायको ऐकून घेई. घराला दारं दोन, पण तिला जायला जागा कुठे होती?

अशात ती गाडी सुरू झाली. शहर प्राचीन आहे, त्याला कोण काय करणार? अर्ध्या दिवसात सगळं शहर दाखवणारी दुमजली बस, वरचा मजला उघडा. भडकरावांच्या घरासमोर जुन्या तटाचा एक पडका बुरूज आहे. त्यात बघण्यासारखं काय आहे ते मला आजवर कळलेलं नाही. कबुतरं आहेत. पण गाडी रोज सकाळी तिथे थांबायची आणि तिचा वरचा मजला बरोब्बर त्यांच्या गॅलरीला भिडायचा. गाइड कर्ण्यावरून कुठल्याशा परक्या भाषेत घसा ताणायचा. भडकराव गॅलरीत येऊन त्याच्याहून वर घसा ताणायचे. गाडीतली मंडळी फोटो काढायची.

त्या फोटोंचा भडकरावांना केवढा आधार! लोक पुरावा गोळा करताहेत, परके असले तरी न्याय कळतो त्यांना, असं ते बायकोला सांगत. कधीकधी टाळ्याही पडत. टाळ्या पडल्या की भडकराव आणखी पेटत, कारण जनमत आपल्या बाजूला झुकतंय याची त्यांना खात्री पटे. थांबा तिथून हलवावा असा अर्ज त्यांनी वाहतूक खात्यात केव्हाचा दिलेला होता. अर्ज कुठल्यातरी टेबलावर निवांत झोपलेला होता.

मग ताई आणि दाजी राहायला आले. ताई ही भडकरावांची थोरली बहीण. दाजी, म्हणजे तिचा नवरा, त्याच वाहतूक खात्यातून मोठ्या हुद्द्यावरून निवृत्त झालेले. आज थांबे ठरवणारा साहेब एके काळी त्यांच्या हाताखाली होता. दाजींनी नुसता एक फोन करायचा, की थांबा गेलाच. भडकरावांचा सगळा जीव त्या एका फोनात जाऊन बसला.

पण दाजी पडले थंड डोक्याचे. म्हणाले, आधी गाडीत बसून बघू. आपल्या भाषेतली फेरी उद्यापासून सुरू होतेय, मी तिकिटं काढतो. मग चष्मा पुसत त्यांनी आपली अट सांगितली.

"ओरडणाऱ्या माणसाचा अर्ज मी सगळ्या नोकरीत कधी वर पाठवला नाही. उद्याच्या फेरीत तुमचा आवाज चढला नाही, तर घरी येऊन लगेच फोन करतो. चढला, तर पुन्हा माझ्यापुढे त्या गाडीचं नाव काढायचं नाही."

"मी? आवाज?" भडकराव शक्य तितक्या हळू म्हणाले. तरी खालच्या मजल्यावरचं कुत्रं भुंकलं.

दुसऱ्या दिवशी बायकोनं गुडघे दुखतात म्हणून घरीच राहायचं ठरवलं. दारात निरोप देताना दुखऱ्या गुडघ्यांच्या मानानं तिचा चेहरा फारच खुलला होता. भडकराव इस्त्रीचा शर्ट, दाजींची उन्हाची टोपी आणि काळा चष्मा असा जामानिमा करून निघाले. मूळ थांब्यावर गाइडनं त्यांना हात धरून वर चढवलं आणि ओळखलं नाही. ओळखणार कसा? त्यानं आजवर त्यांना पाहिलं होतं ते बनियनवर, आणि तोंडाला फेस.

आता ती सहल काय वर्णावी! निघायच्या वेळेला ड्रायव्हर चहाला गेलेला. तो आला तर गाइड गायब. गाडी हलली तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं आणि मागच्या बाकावरच्या बाईंचे गुडघे भडकरावांच्या पाठीत रुतले होते. पहिलं ठिकाण राणीचं स्नानगृह. इथे राणी दुधानं न्हायची, असं गाइड म्हणाला. भडकरावांच्या लहानपणी तिथे आग विझवणाऱ्या बंबवाल्यांच्या पाण्याचा साठा असे, हे त्यांनी डोळ्यांनी बघितलेलं. त्यांचे ओठ हलले. दाजींनी नुसतं वळून बघितलं. ओठ मिटले.

दुसरं ठिकाण राजाची न्यायसभा. ती बंद होती. आतून दुरुस्ती चालू होती, म्हणून सगळ्यांना बाहेरून भिंत दाखवली आणि मग शेजारच्या शोभेच्या वस्तूंच्या दुकानात नेऊन कोंडलं. दुकानदार गाइडचा सख्खा साडू. ताईनं एक पितळी हत्ती घेतला. भडकरावांच्या तळपायाची आग मस्तकात गेली होती, पण परत गाडीत येऊन ते दांडा दोन्ही हातांनी धरून मूग गिळून बसले. त्यांच्या मानेवरची शीर ताडताड उडत होती. ताई पदरानं वारा घालत होती. दाजी खुशीत होते. म्हणाले, "माणूस मनात आणलं तर बदलतो, बघा." भडकरावांनी दात दाखवले, तेवढंच.

आणि गाडी त्यांच्या गल्लीत वळली. आता दाजी उघड्या डोळ्यांनी बघतील, गॅलरी आणि गाडी यांच्यात हातभर अंतर नाही हे त्यांना कळेल, फोन झालाच म्हणून समजा, असं भडकरावांच्या मनात आलं. प्रथमच त्यांना जरा बरं वाटलं. गाइडनं कर्णा तोंडाला लावला, आणि आजवर परक्या भाषेत सांगितलेलं सगळं भडकरावांच्या कानांवर आयुष्यात पहिल्यांदा मराठीत आलं.

"मंडळी, आता बुरुजाकडे नाही, उलट्या बाजूच्या गॅलरीकडे बघा. पूर्वी या बुरुजावर पहारेकरी असायचे. शत्रू दिसला की ओरडून गावाला जागं करायचे. त्यांचा शेवटचा वंशज इथे राहतो. गाडी आली की तो अजूनही बाहेर येतो आणि त्याच जुन्या रीतीनं ओरडतो. काय ओरडतो ते कोणालाच कळत नाही, कारण ती भाषा आता मेली आहे. कॅमेरे तयार ठेवा."

सगळी गाडी गॅलरीकडे तोंड करून बसली. गॅलरी रिकामी. गाइडनं खाली ड्रायव्हरला खूण केली, त्यानं हॉर्न वाजवला. कोणी येईना. पुन्हा हॉर्न. मंडळी कुरकुरायला लागली. मागच्या बाई म्हणाल्या, माझ्या जावयानं परदेशातून फोटो पाठवला म्हणून तर मी आले, बाकी भिंती काय कुठेही असतात. आणि त्यांनी तो फोटो फोनवर काढून शेजारधर्म म्हणून भडकरावांच्या नाकासमोर धरला. फोटोत वंशज होता. हात वर, बनियन, फेस.

इतक्यात गॅलरीचं दार उघडलं. केस मोकळे सोडलेली बायको बाहेर आली. इतकी निवांत तिला भडकरावांनी लग्नानंतर कधी बघितलेली नव्हती.

"आज नाहीत हो ते, बाहेर गेलेत," ती गाइडला म्हणाली. "उद्या या. उद्या नक्की पाठवते."

"काकू, आधी कळवायचं ना," गाइड म्हणाला. घरच्यासारखं म्हणाला, तेच जास्त झोंबलं.

झालं. भडकराव उठले. टोपी एकीकडे, चष्मा एकीकडे. मग त्यांनी जे काही तोंड सोडलं त्यात गाइडचं खानदान होतं, साडूचा हत्ती होता, राणीचं दूध होतं, बंबवाले होते, काय नव्हतं? कारखान्याच्या दिवसांतसुद्धा असा आवाज लागला नव्हता. बुरुजावरची कबुतरं उडाली. गाडीतल्या मंडळींना मात्र आनंद मावेना. वंशज इतका वेळ आपल्याच गाडीत बसला होता, ही गंमत मुद्दामच ठेवली असणार, असं सगळ्यांनी धरलं आणि टाळ्यांचा नुसता पाऊस पाडला. मागच्या बाईंनी त्यांच्या गळ्यात हात टाकून जावयासाठी फोटो काढून घेतला.

फेरी अर्ध्यावर सोडून तिघं घरी आली. अटीप्रमाणे विषय संपला होता. पण गाडीत भडकरावांनी नुसतं तोंड सोडलं होतं, आता ताई खवळली. भावाचं घराणं पहारेकऱ्यांचं, तर मग माझं कुठलं, म्हणाली. असली थट्टा चालवून घ्यायची असेल तर तुमचा हुद्दा काय चाटायचा? फोन करा, नाहीतर आज मी जेवत नाही. दाजी सगळ्या जगाला अटी घालत, ताई सोडून. त्यांनी मुकाट्यानं फोन काढला. भडकराव खुर्चीच्या टोकावर येऊन बसले. इतक्या दिवसांचा लढा आता एका बोटावर आला होता.

"दाजी, फोन करू नका," बायको म्हणाली.

सगळे तिच्याकडे बघायला लागले. ती दाराला टेकून उभी होती, पण आवाजात कापरं नव्हतं.

"गाडी यायच्या आधी हे दिवसभर माझ्यावर ओरडायचे. आता सकाळी तिच्यावर ओरडतात आणि मग दमून झोपतात. म्हणून मी रोज यांना हाक मारून गॅलरीत पाठवते. ती गाडी गेली तर हा सगळा राग परत घरात येईल. तो ऐकायला तुम्ही नसाल, ताई नसतील. मी असेन."

ताईनं हत्ती उगाच इकडचा तिकडे ठेवला. भडकरावांनी तोंड उघडलं, आणि इतक्या वर्षांत प्रथमच ते आपणहून मिटलं. दाजींनी फोन खिशात ठेवला. संध्याकाळी भाजीत खरंच मीठ नव्हतं. भडकराव दोन वेळा भाजी मागून जेवले.

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी आली. परक्या पाहुण्यांची होती. गाइडनं लांबूनच हात जोडले. बायकोनं हाक मारली तसे भडकराव गॅलरीत जाऊन उभे राहिले. समोर कॅमेरे लागले. भडकरावांनी छाती भरून घेतली, हात वर केला आणि आवाज काढला, तर दुकानदाराला सुट्टे मागावेत तसा निघाला. पुन्हा काढला. तोही तसाच. राग आणायचा म्हणून ते गाइडकडे डोळे वटारून बघू लागले, पण डोळ्यांपुढे येत होती दाराला टेकून उभी असलेली बायको.

"येत नाही गं," ते मागे वळून म्हणाले.

गाडीत चुळबुळ सुरू झाली. बायको गॅलरीत आली, त्यांना हातानं बाजूला सारलं आणि कठड्याला धरून ओरडली. रोज उठून तेच का, असं ओरडली. डोळा उघडला नाही तोच सुरू, माणसानं दोन घास सुखानं खायचे कधी, कोणी मला एकदा तरी विचारलं का, की बाई, तुला हे ऐकायचंय का? माहेरी जायचं म्हटलं तर तोंड, आल्यावर पुन्हा तोंड, खोळ तिरकी असेल तर सरळ करायला स्वतःला हात नाहीत का? फोटो धडाधड निघत होते. अशा टाळ्या भडकरावांना कधीच पडल्या नव्हत्या. गाइड काय भाषांतर करत होता कोण जाणे. गाडीतल्या एकाही पाहुण्याला एक शब्द कळत नव्हता, आणि कठड्यामागे बनियनवर उभ्या असलेल्या माणसाला सगळे कळत होते. गाडी हलली, वळणावरून दिसेनाशी झाली, तरी ती थांबली नाही, आणि भडकराव मान खाली घालून ऐकत उभे राहिले.